ललितला पेढे, अनायाला शिव्या

आमच्या खानदानाच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर सत्तरेक माणसं आहेत. शुक्रवारी जुम्मा मुबारक, मधूनच कुणाच्या इंतिकालची खबर, कुणाच्या वलीम्याचं आमंत्रण आणि रात्री जेवणं झाली की हसण्याचा माल. मध्यंतरी या रात्रीच्या खात्यात अनाया बांगरची एक रील आली. एका बाजूला पॅड बांधून उभा असलेला पोरगा, दुसऱ्या बाजूला केस मोकळे सोडलेली मुलगी, खाली कुठलंसं टवाळ गाणं. दहा मिनिटांत वीस-पंचवीस जण हसले. एका भाच्याने लिहिलं, 'बाप इंडिया का कोच, बेटा बन गया बेटी.' आमच्या एका चाचांनी लिहिलं, 'कयामत की निशानी.' त्याखाली आमीन लिहिणारेही निघाले. कयामतीच्या निशाणीवर आमीन कशाला म्हणायचं, ते मला अजून कळलेलं नाही.

मीही काहीतरी टाइप केलं आणि पुसून टाकलं. चाचा वयाने मोठे, भाचा लाडका, आणि मी घरातली 'जास्त शिकलेली' म्हणून आधीच बदनाम. तेव्हा जे पुसलं तेच आज इथे लिहिते आहे.

जे क्रिकेट बघत नाहीत त्यांच्यासाठी आधी थोडी ओळख. संजय बांगर हे मूळचे बीडचे. भारताकडून कसोटी आणि एकदिवसीय सामने खेळलेले अष्टपैलू. २००२ साली हेडिंग्लेच्या अवघड खेळपट्टीवर सलामीला येऊन त्यांनी काढलेल्या ६८ धावा जुन्या लोकांना आठवत असतील. पुढे ते भारतीय संघाचे फलंदाजीचे प्रशिक्षक होते. अनाया त्यांचं अपत्य. जन्मानंतर नाव ठेवलं आर्यन. डावखुरी फलंदाज. मुंबईत ती मरीन ड्राइव्हवरच्या इस्लाम जिमखान्याकडून खेळली (आपल्या ग्रुपवरच्या किती जणांना हे ठाऊक आहे कोण जाणे), नंतर इंग्लंडमध्ये लेस्टरशायरच्या हिंकले क्लबकडून. तिने मुलाखतीत सांगितलं आहे की आठ-नऊ वर्षांची असताना ती आईच्या कपाटातून कपडे काढून घालायची, आरशात बघायची आणि मनाशी म्हणायची की मी मुलगी आहे. पण मैदानावर, ड्रेसिंग रूममध्ये, वडिलांचं नाव पाठीवर घेऊन ती मुलगा म्हणूनच वावरली. इंग्लंडला गेल्यावर तिने हार्मोनचे उपचार सुरू केले. नोव्हेंबर २०२४ मध्ये तिने इन्स्टाग्रामवर हे सगळं उघड केलं. त्यात आनंदही होता आणि रडणंही. शरीर मनासारखं होत चाललं होतं, पण स्नायूंची ताकद कमी होत होती, आणि ज्या खेळावर लहानपणापासून जीव लावला तो हातातून निसटत होता.

निसटत होता म्हणजे नुसता ताकदीने नाही, नियमानेही. आंतरराष्ट्रीय क्रिकेट परिषदेने २१ नोव्हेंबर २०२३ रोजी ठरवलं की जी व्यक्ती पुरुष म्हणून वयात आली आहे तिला, नंतर कोणतेही उपचार वा शस्त्रक्रिया केल्या तरी, महिलांचं आंतरराष्ट्रीय क्रिकेट खेळता येणार नाही. त्याच्या दोनच महिने आधी डॅनियल मॅकगाही ही कॅनडाकडून आंतरराष्ट्रीय सामना खेळणारी पहिली ट्रान्सजेंडर क्रिकेटपटू ठरली होती. तीच पहिली आणि तूर्तास तीच शेवटची. इंग्लंडच्या बोर्डाने २ मे २०२५ रोजी हा दरवाजा अगदी क्लबच्या सामन्यांपर्यंत बंद केला. खुल्या आणि मिश्र सामन्यांत तेवढी मोकळीक ठेवली.

आता इथेच सांगून टाकते, म्हणजे पुढे कुणी मला भलत्या खात्यात टाकायला नको. आंतरराष्ट्रीय परिषदेचा नियम मला अन्यायाचा वाटत नाही. वीस वर्षं शाळेच्या क्रीडा महोत्सवात शिट्टी घेऊन उभी राहिले आहे. सहावीत आमच्या मुली शंभर मीटरला मुलांना मागे टाकतात. नववीत तीच मुलं त्याच मुलींच्या पुढे निघून जातात. मधल्या तीन वर्षांत मुलींनी काही गुन्हा केलेला नसतो. मुलांच्या अंगात जे घडतं ते घडतं. महिलांचे सामने वेगळे ठेवले गेले ते यासाठीच. ही जागा बायकांनी भांडून मिळवली आहे आणि ती जपायची तर काही रेघ आखावी लागेल. अनायाने स्वतः मँचेस्टर मेट्रोपॉलिटन विद्यापीठात शरीराची, ताकदीची मोजमापं करून घेतली आणि त्याचा अहवाल २०२५ मध्ये लोकांपुढे ठेवला: उपचारांनंतर माझं शरीर किती बदललं ते बघा आणि मग बोला, असं तिचं म्हणणं. एका माणसाच्या मोजमापावरून सगळ्यांचा नियम ठरत नाही, हे खरं. पण तिने वाद कसा घातला ते बघा. मोजून, आकडे मांडून. क्लबच्या रविवारच्या सामन्यातूनही तिला बाहेर काढणं मला फार झालं असं वाटतं. त्यावर माझ्याशी भांडायला या, मी तयार आहे.

पण आमच्या ग्रुपवर हा वाद चाललाच नव्हता. तिथे कुणालाही महिला क्रिकेटची काळजी नव्हती. त्या पंचवीस हसणाऱ्यांपैकी एकाने तरी महिलांचा एखादा सामना पहिल्या चेंडूपासून शेवटपर्यंत पाहिला असेल का? आपल्या सोलापूर जिल्ह्याच्या किरण नवगिरेने २०२२ साली नागालँडकडून एका टी-ट्वेंटी सामन्यात नाबाद १६२ धावा कुटल्या. तोवर कुठल्याही भारतीयाने, पुरुषाने सुद्धा, टी-ट्वेंटीत दीडशेचा आकडा ओलांडलेला नव्हता. पुढच्या वर्षी महिलांच्या प्रीमियर लीगमध्ये ती बॅटवर पेनने धोनीचं नाव लिहून उतरली, कारण बॅटला प्रायोजकच नव्हता. त्या दिवशी आमचा ग्रुप शांत होता. नंतर मी तिचा एक व्हिडिओ टाकला तेव्हा त्याच भाच्याने शाबासकी दिली, 'एकदम लडके के जैसा मारती.'

या वाक्यापाशी मला थांबायचं आहे.

बीड जिल्ह्यातलंच दुसरं नाव घेते. ललिता साळवे, माजलगाव तालुक्यातली, पोलिसात शिपाई. २०१० च्या सुमारास महिला म्हणून भरती झाली. पुढे शरीरात काही वेगळं जाणवलं, तपासण्या झाल्या आणि वाय गुणसूत्र असल्याचं निघालं. शस्त्रक्रियेसाठी रजा मागितली तर २०१७ मध्ये खात्याने नकार दिला. प्रकरण मुंबई उच्च न्यायालयापर्यंत गेलं, न्यायालयाने प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे जायला सांगितलं, शेवटी सरकारने मार्ग काढला आणि मे २०१८ मध्ये मुंबईच्या सेंट जॉर्ज रुग्णालयात शस्त्रक्रिया झाली. ललिताचा ललित झाला. २०२० मध्ये त्याचं लग्न झालं, जानेवारी २०२४ मध्ये त्याला मुलगा झाला. प्रत्येक टप्प्यावर मराठी वर्तमानपत्रांनी फोटो छापले आणि ते बहुतेक कौतुकाचे होते. आमच्या स्टाफ रूममध्ये सुद्धा ती बातमी मोठ्याने वाचली गेली. एक सर म्हणाले, 'हिंमत लागते ओ.' कुणी हसलं नाही. कयामतही आठवली नाही.

ललितचं कौतुक झालं याचं मला वाईट वाटत नाही. त्याने सोसलंही तेवढंच. माझा प्रश्न आपल्याला आहे. एकाच जिल्ह्याच्या मुळाची ही दोन माणसं. दोघांनी जन्मताना मिळालेली ओळख सोडली. एकाला पेढे, दुसरीला शिव्या. का?

याचं ठरलेलं उत्तर मला माहीत आहे. 'टीचर, ललितचं वेगळं. त्याच्याकडे डॉक्टरांचा रिपोर्ट होता. हिचं मनाचं खूळ.' फरक आहे, मान्य. शरीरातच गुंता असणं वेगळं आणि शरीर नि मन एकमेकांशी न जुळणं वेगळं. आपल्या फिकहनेही हा फरक ओळखलेला आहे. हनफी मदरशांत आजही शिकवल्या जाणाऱ्या हिदायामध्ये खुनसावर, म्हणजे ज्याचं स्त्री-पुरुषपण स्पष्ट नाही अशा माणसावर, वेगळं प्रकरण आहे. नमाजच्या सफमध्ये त्याने कुठे उभं राहावं, वारसाहक्कात त्याचा वाटा किती, याचा तिथे शांतपणे विचार केलेला आहे. टिंगलीचा एक शब्द नाही. आठशे वर्षांपूर्वीच्या माणसांना हे जमलं. अनाया मात्र खुनसा नाही, आणि लिंगबदलाला बहुतेक सुन्नी उलेमा जायज मानत नाहीत हेही मला ठाऊक आहे. इराणमध्ये आयतुल्ला खुमैनींनी १९८० च्या दशकात परवानगी दिली, पण तो आपल्या मसलकाचा विषय नाही. मी मुफ्ती नाही, मला तो मसला इथे सोडवायचा नाही.

पण खरं सांगा, ललितला शाबासकी देताना आमच्या सरांनी गुणसूत्रांचा रिपोर्ट मागवला होता का? बातमीतली ती ओळ कुणी वाचलीही नव्हती. लोकांनी वाचलं ते एवढंच की पोरगी होती, पोरगा झाली.

मी एकदा मुद्दाम परीक्षा घेतली. जपानची कुमी योकोयामा ही फुटबॉलपटू, जपानच्या महिला संघातून २०१९ चा विश्वचषक खेळलेली आघाडीची खेळाडू. जर्मनीत खेळून आली, मग अमेरिकेत वॉशिंग्टनच्या संघाकडून खेळली. तिकडच्या सहकाऱ्यांचा मोकळेपणा बघून या खेळाडूने जून २०२१ मध्ये जाहीर केलं की मी मनाने पुरुष आहे, जपानमध्ये हे लपवून राहावं लागत होतं, आणि खेळणं संपलं की पुरुष म्हणून जगायचं आहे. अमेरिकेच्या अध्यक्षांनी ट्विटरवरून अभिनंदन केलं. इथे गुणसूत्रांची भानगड नव्हती. अनायाचं आहे तसंच मनाचं प्रकरण, फक्त उलट दिशेने. ही गोष्ट मी मधल्या सुट्टीत डबा खाताना सांगितली. माझी अपेक्षा होती की कुणीतरी तौबा म्हणेल. एका मॅडमनी फक्त विचारलं, 'गोल किती केले?' दुसऱ्या म्हणाल्या, 'दिसते बी पोरासारखीच, मग बरोबर आहे की ओ.' विषय संपला, लोणच्याची बाटली पुढे सरकली. आठवडाभराने मी अनायाचं नाव काढलं तर त्याच टेबलावर चेहरे वाकडे झाले.

म्हणजे राग ओळख बदलण्याचा नाही. राग आहे तो खाली उतरण्याचा. आपल्या डोक्यात एक जिना पक्का बसलेला आहे, वर पुरुष आणि खाली बाई. खालून वर चढला तर बढती. वरून खाली आला तर खानदानाची इज्जत गेली. 'बाप इंडिया का कोच, बेटा बन गया बेटी' या ओळीत दुसरा कुठला विनोद आहे? बेटी होणं हाच विनोद. आणि ती ओळ ज्या ग्रुपवर हसत हसत वाचली गेली त्यात निम्म्याहून जास्त आम्ही बेट्याच आहोत.

मी भाषा शिकवते, म्हणून हे शब्द मला जास्त टोचतात. मराठीत बायल्या ही शिवी आहे. हातात बांगड्या भरल्यात का, ही शिवी आहे. आपल्या उर्दूत ज़नाना म्हटलं की पोरगा मान खाली घालतो. उलट बाजूला बघा: मर्दानी ही पदवी आहे. कर्तबगार मुलीचा बाप मोठ्या तोऱ्यात सांगतो, ही माझी मुलगी नाही, मुलगाच आहे. बिड्या वळून चार पोरांना शिकवणाऱ्या आमच्या मोहल्ल्यातल्या बाईला लोक शाबासकी देतात ती 'मर्द के माफिक घर चलाई' अशी. बिड्या तिने बाईच्याच हातांनी वळल्या, पण श्रेय मर्दाच्या खात्यात. मुलीला मुलगा म्हटलं की ती फुलते, मुलाला मुलगी म्हटलं की तो मारामारीवर येतो. वर्गात रोज घडतं हे.

चाचांनी मला नंतर खाजगीत एक हदीस पाठवली. बायकांसारखं वागणाऱ्या पुरुषांवर लानत असल्याची. चाचा, तुम्ही हा लेख वाचाल म्हणून इथेच अदबीने सांगते: बुखारी शरीफमधली ती हदीस अर्धी आहे. तिच्या दुसऱ्या अर्ध्यात पुरुषांसारखं वागणाऱ्या बायकांचा तेवढाच स्पष्ट उल्लेख आहे, त्याच लानतीसकट. हदीस दोन्ही बाजूंना सारखा तराजू धरते. तिचा अर्थ काय आणि ती कुणाला लागू होते हे उलेमांनी सांगावं. पण तुम्ही अर्धीच पाठवलीत, आणि तुमच्या आधी ज्याने तुम्हाला पाठवली त्यानेही अर्धीच पाठवली. उरलेला अर्धा भाग कुणी कापला? तो दीनने कापलेला नाही, आपल्या त्या जिन्याने कापला आहे. आणि सूरह हुजुरात तर आपण पोरांना शिकवतो. एकमेकांची खिल्ली उडवू नका, वाईट नावं ठेवू नका, हा हुकूम तिथे पुरुषांना वेगळा आणि बायकांना वेगळा सांगितला आहे, म्हणजे कुणी पळवाट काढू नये. त्यात कुठेही असं नाही की समोरचा तुम्हाला गुनाहगार वाटत असेल तर खिल्ली जायज आहे.

अनायाने मुलाखतीत आणखी एक गोष्ट सांगितली, ती रीलमध्ये येत नाही. तिचं उघड झाल्यावर काही क्रिकेटपटूंनी तिला स्वतःचे नागडे फोटो पाठवले. एक जण चारचौघांत तिला शिव्या द्यायचा आणि मग शेजारी येऊन बसून फोटो मागायचा. भारतात आल्यावर एका वयस्क क्रिकेटपटूला तिने आपली परिस्थिती सांगितली, तर तो म्हणाला, गाडीत बस, मला तुझ्याबरोबर झोपायचं आहे. हे ऐकून मला पहिल्यांदा तिच्याबद्दल परकेपणा वाटेनासा झाला. कुणी तिला बाई मानो न मानो, बाईशी कसं वागायचं हे त्या पुरुषांना लगेच आठवलं. नियम बनवणाऱ्यांना तिची मोजमापं तपासावीशी वाटतात. या लोकांना मोजमापाची गरज पडली नाही. एसटीत, लग्नाच्या मांडवात, कॉलेजच्या जिन्यावर हे दोन चेहरे कुठल्या बाईने पाहिलेले नाहीत? ग्रुपवर हसणाऱ्या माझ्या बहिणींना विचारते, चारचौघांत एक आणि एकांतात एक असा माणूस तुम्हाला ओळखीचा वाटला नाही का?

एवढं सगळं दुसऱ्यांना सुनावल्यावर माझ्या पदरातलंही सांगायला हवं.

दहा-बारा वर्षांपूर्वी आठवीत एक मुलगा होता. उर्दू शाळेत मराठीची कविता चालीवर म्हणणारी मुलं कमी असतात; हा म्हणायचा, आणि 'ळ' अगदी स्वच्छ उच्चारायचा. चालताना हात जरा हलायचे, हसताना तोंडावर हात जायचा. वर्गाने नाव ठेवलं होतं, ते मी इथे लिहीत नाही. शिक्षकांना ते नाव माहीत होतं आणि ते ऐकून आम्ही हसू दाबत होतो. दाबत होतो म्हणजे हसत होतो. त्याच वर्षी त्याच वर्गात एक मुलगी मधल्या सुट्टीत मुलांना गोलंदाजी करायची आणि आम्ही व्हरांड्यातून कौतुकाने म्हणायचो, 'लडका है लडका.' एकदा तो फळा पुसून जागेवर जात होता तेव्हा मी सगळ्यांसमोर म्हटलं, 'सीधा चल. मर्द के जैसा.' वर्ग हसला. मला वाटलं होतं मी त्याच्या भल्याचंच बोलते आहे. नववीत तो आला नाही. गळतीच्या तक्त्यात मी कारण लिहिलं, आर्थिक अडचण.

मागच्या जूनमध्ये तो भेटला. सोलापुरात गणवेश शिवण्याचे कारखाने गल्लोगल्ली आहेत. तसल्याच एका ठिकाणी मी भाचीच्या शाळेचा ड्रेस आणायला गेले होते. तो तिथे कटिंग मास्तर आहे. गळ्यात टेप, कानामागे खडू. 'अस्सलामु अलैकुम टीचर, पहचाने क्या?' मी ओळखलं होतं, आत शिरतानाच, चालण्यावरून. त्याने चहा मागवला, भाचीच्या कुर्त्याची बाही एक इंच जास्त ठेवायला सांगितली, उंची वाढते म्हणाला. घरी कोण कोण असतं विचारलं तर म्हणाला, 'अम्मी है, मैं हूं.' त्यापुढे मी विचारलं नाही.

मला काहीतरी बोलायचं होतं, पण शेजारी दोन कारागीर मशीनवर बसलेले. पैसे देताना तोच हसत म्हणाला, 'टीचर, आप मेरेकू सीधा चल बोले थे ना. अब्बी नै आया.'

मीही हसले. सवयीने. मग पावती पर्समध्ये टाकली आणि रिक्षा बघायला बाहेर आले.